कल्हई : आतून लावलेल्या चकाकीची गोष्ट

मराठी समीक्षेत तीन शब्द एकमेकांच्या जागी बिनदिक्कत वापरले जातात : रंगरंगोटी, मुलामा आणि कल्हई. एखाद्या कादंबरीची भाषा परीक्षकाला रुचली नाही, तर ‘जुन्याच आशयाची रंगरंगोटी’ असे तो लिहितो. एखाद्या कवीची प्रतिमासृष्टी खोटी वाटली, तर ‘शब्दांचा मुलामा’ म्हणतो. जुने नाटक नव्या संचात रंगभूमीवर आले, की ‘कल्हई करून आणलेले’ हा शेरा तयारच असतो. तिन्हींचा रोख एकच. आत काही नवे नाही, जे नवे दिसते ते वरवरचे आहे. वर म्हणजे खोटे आणि आत म्हणजे खरे, ही विभागणी आपण इतकी गृहीत धरली आहे की या तीन शब्दांमागे तीन वेगवेगळ्या क्रिया आहेत, हे आपल्या ध्यानातही येत नाही. यांपैकी कल्हई या शब्दावर तर सरळसरळ अन्याय झाला आहे. त्या शब्दाचा प्रवास नीट पाहिला, तर समीक्षेतील एका जुन्या वादावरही थोडा प्रकाश पडू शकेल, असे वाटते.

कल्हई हा शब्द अरबी ‘कलई’वरून फारसीच्या वाटेने आपल्याकडे आला. मुळात तो क्रियेचा नव्हे, तर धातूचा वाचक आहे. त्याचा अर्थ कथील. नवव्या-दहाव्या शतकांतील अरब भूगोलकार कथिलाच्या संदर्भात ‘कलाह’ नावाच्या बंदराचा उल्लेख करतात. हे स्थळ मलाया द्वीपकल्पाच्या पश्चिम किनाऱ्यावर, बहुधा आजच्या मलेशियातील केडाच्या परिसरात असावे, असे अनेक अभ्यासक मानतात. त्या बंदरातून येणारे कथील ते ‘कलई’, अशी व्युत्पत्ती सांगितली जाते. पोर्तुगिजांनीही हा शब्द ‘कालाईं’ अशा रूपात उचलला आणि १८८६ साली प्रसिद्ध झालेल्या ‘हॉब्सन-जॉब्सन’ या अँग्लो-इंडियन शब्दांच्या कोशात त्याला स्वतंत्र नोंद मिळाली. म्हणजे आपल्या माजघरातल्या पातेल्याला चिकटलेला हा शब्द अरब, पोर्तुगीज आणि इंग्रज अशा तिघांच्या व्यापारी वह्यांतून फिरलेला आहे.

भारतीय भाषांना कथील अपरिचित होते असे नाही. संस्कृतात ‘त्रपु’ आणि ‘वंग’ हे शब्द आहेत. आयुर्वेदातील वंगभस्म म्हणजे कथिलाचेच भस्म. खुद्द ‘कथील’ या शब्दाचा संबंध संस्कृत ‘कस्तीर’शी आणि त्याचा पुढे ग्रीक ‘कास्सितेरोस’शी जोडला जातो. मराठीने मात्र येथे एक सुंदर वाटणी केली. धातूला कथील म्हटले आणि त्या धातूचा थर देण्याच्या कामाला कल्हई. एका भाषेत एकाच वस्तूसाठी दोन शब्द आले की ते फार काळ समानार्थी राहत नाहीत. ते कामे वाटून घेतात. हिंदी-उर्दूतला ‘कलई’ त्या मानाने ऐसपैस राहिला. कथील, कथिलाचा लेप, भिंतीला द्यायची सफेदी आणि बाह्य देखावा इतके अर्थ तो वागवतो. मराठी कल्हई भिंतीवर चढली नाही, भांड्यापाशीच राहिली.

आता ती क्रिया पाहू. कल्हईवाला अंगणात किंवा गल्लीच्या कडेला लहानसा खड्डा खणून भट्टी मांडतो, भात्याने कोळसा फुलवतो. भांडे आधी घासून पूर्ण निर्मळ करावे लागते. मळ किंवा जुना गंज राहिला तर कथील धरत नाही. भांडे तापले की त्यात नवसागराची पूड टाकतात. पांढरा धूर उठतो आणि धातूवरचा उरलासुरला गंज सुटतो. मग कथिलाची कांडी तापलेल्या भांड्याला टेकवायची. कथील सुमारे २३२ अंश सेल्सियसला वितळते, तांबे मात्र १०८५ अंशांपर्यंत वितळत नाही. या तफावतीमुळेच हा खेळ शक्य होतो. वितळलेले कथील कापसाच्या किंवा कापडाच्या बोळ्याने चपळाईने सर्वत्र फिरवायचे आणि भांडे पाण्यात बुडवायचे. चर्र असा आवाज होतो आणि भांडे चांदीसारखे पांढरे होऊन बाहेर येते.

पण ते कोठे पांढरे होते? आतून. ताटवाट्यांना काही वेळा दोन्ही बाजूंनी कल्हई करीत हे खरे, परंतु स्वयंपाकाच्या पातेल्याला, तपेल्याला, टोपाला ती मुख्यतः आतूनच होई. बाहेरचा लखलखाट घरातल्या बायका राख आणि चिंच लावून, मनगटे दुखेस्तोवर घासून आणीत. त्यासाठी कल्हईवाल्याची गरज नव्हती. नुसते पाणी तापवण्याच्या तांब्याच्या बंबाला किंवा घंगाळाला कल्हई लागत नसे. ती लागे ती जेथे आमटी उकळते, चिंच-आमसूल पडते, ताक घुसळून ठेवतात तेथे. कल्हई नसलेल्या पितळी भांड्यात आंबट पदार्थ राहिला की तो ‘कळकतो’. चव बिघडते, हिरवट छटा येते आणि पोटाला अपाय होतो. ‘कळकणे’ हे क्रियापद आजच्या विद्यार्थ्याला टीप देऊन समजवावे लागते, आणि ते समजल्याशिवाय कल्हई समजत नाही. कल्हई हा सजावटीचा भाग नव्हताच. अन्न आणि धातू यांच्यामध्ये उभी केलेली ती पातळ सीमा होती.

ही सीमा झिजते. रोजच्या डावाने, उलथन्याने, घासण्याने कथील उडते आणि खालची तांबूस-पिवळी पाठ दिसू लागते, म्हणून कल्हई पुन्हा पुन्हा करावी लागते. सोळाव्या शतकाच्या अखेरीस अबुल फजलने ‘आईन-ए-अकबरी’त शाही मुदपाकखान्याची व्यवस्था नोंदवली आहे. तीत बादशहाच्या वापरातील तांब्याच्या भांड्यांना महिन्यातून दोनदा आणि शहजाद्यांच्या भांड्यांना महिन्यातून एकदा कल्हई होत असल्याचे म्हटले आहे. मोडकी भांडी मात्र तांबटांकडे नव्याने घडवण्यासाठी जात. साम्राज्याचा हिशेब लिहिणाऱ्या ग्रंथात या गोष्टीला जागा मिळावी, यातच तिचे महत्त्व दिसते. येथे दोन नूतनीकरणे स्पष्टपणे वेगळी ठेवली आहेत : एक नेमाने चालणारे, वस्तू तीच ठेवणारे, आणि दुसरे मोडीत काढून पुन्हा घडवणारे. साहित्यव्यवहारातही आपल्याला या दोन्हींची गरज पडते. अडचण होते ती एकाला दुसऱ्याच्या नावाने हिणवले की.

मुलाम्याची दिशा याच्या उलट. मुलामा बाहेरून चढतो, आणि पाहणाऱ्यासाठी चढतो. हलक्या धातूवर सोन्याचा किंवा चांदीचा पातळ थर देऊन मोल वाढल्याचा भास निर्माण करणे, हा त्याचा हेतू. परंतु या शब्दाचाही पूर्वेतिहास आपण समजतो तितका बदनाम नाही. तो अरबी ‘मुलम्मा’वरून आला आणि त्याच्या मुळाशी ‘चमकणे’ हा अर्थ आहे. अरबी-फारसी काव्यशास्त्रात तर ‘मुलम्मा’ हा एक प्रतिष्ठित रचनाप्रकार आहे. एकाच कवितेत दोन भाषा आळीपाळीने किंवा एकाआड एक चरणांत गुंफायच्या. अमीर खुसरोच्या नावावर सांगितली जाणारी, फारसी आणि हिंदवी यांची वीण असलेली प्रसिद्ध गझल हे त्याचे सर्वांना ठाऊक असलेले उदाहरण. तेथे एक भाषा दुसरीला झाकत नाही. दोन्ही उघड्यावर, शेजारी शेजारी चमकतात. मराठीत येताना या शब्दाची सराफकट्ट्यावरची अर्धी बाजू तेवढी आली आणि काव्यशास्त्रातली अर्धी वाटेत गळाली. शब्दाच्या अर्थाचेही पितळ होते ते असे.

पितळ म्हटले की ‘पितळ उघडे पडणे’ हा वाक्प्रचार आठवणे स्वाभाविक आहे. हिंदीत याच अर्थी ‘कलई खुलना’ म्हणतात. दोन शेजारी भाषांनी एकच प्रसंग दोन टोकांनी पाहिला आहे. हिंदीचे लक्ष उडालेल्या थराकडे, मराठीचे खाली उघड्या पडलेल्या धातूकडे. मराठी वाक्प्रचारात फसवणूक आहे ती सोने असल्याचा आव आणणाऱ्या पितळेची, म्हणजे मुलाम्याची. कल्हईच्या भांड्याने आपण चांदीचे असल्याचा दावा कधी केलेला नसतो. घरात सर्वांनाच ते पितळेचे आहे हे माहीत असते. तेथे पितळ उघडे पडले, तर ती फजिती नसते, कल्हईवाल्याला हाक मारण्याची वेळ झाल्याची खूण असते.

रंगरंगोटीबद्दल फार सांगण्यासारखे नाही. शब्दाची घडणच त्याचे काम सांगते. ‘रंग’ एकदा म्हणून भागत नाही, त्याला ‘रंगोटी’ची शेपटी जोडावी लागते आणि त्या पुनरुक्तीतून थोडी लगबग, थोडी हेटाळणी आपोआप येते. पाहुणे येणार म्हणून, तपासणी होणार म्हणून, निवडणूक आली म्हणून रंगरंगोटी होते. भिंतीतली ओल तशीच राहते. मराठीने या जोडीला ‘डागडुजी’ हा शब्द दिलाच आहे. भेग बुजवणे, पडलेला गिलावा पुन्हा लावणे हे त्याचे काम. रंगरंगोटी झाली पण डागडुजी झाली नाही, हे वाक्य कोणत्याही मराठी माणसाला समजावून सांगावे लागत नाही.

भाषेजवळ इतके नेमके भेद असताना ते पुसट का झाले? कारण भांडे गेले. विसाव्या शतकात आधी ॲल्युमिनियम आणि मग स्टेनलेस स्टील स्वयंपाकघरात आले. स्टीलला कल्हई लागत नाही आणि त्यात ताक कळकत नाही. कल्हईवाल्याची आरोळी बहुतेक गल्ल्यांतून विरली. अलीकडे तांब्या-पितळेच्या भांड्यांची हौस पुन्हा दिसते, पण ती पुष्कळदा दिवाणखान्यातली आहे. क्रिया डोळ्यांसमोरून गेली की शब्द उरतो तो केवळ दिसण्याच्या स्मृतीवर. कल्हई म्हणजे चकाकी एवढेच लक्षात राहिले. ती कोठे होती आणि कशासाठी होती, हे गेले. आत असलेली गोष्ट ‘वरवरची’ ठरली ती अशी.

हा भेद केवळ शब्दकोशापुरता नाही. संस्कृत काव्यशास्त्राने अलंकाराच्या संदर्भात जवळपास हाच प्रश्न विचारला होता. अलंकार म्हणजे अंगावर घातलेली कडी-कुंडले असतील, तर ती काढून ठेवता यावीत. परंतु नवव्या शतकात आनंदवर्धनाने ‘ध्वन्यालोक’मध्ये एक कसोटी सांगितली. रसात गढलेल्या कवीला ज्यासाठी वेगळा प्रयत्न करावा लागत नाही, तोच अलंकार ध्वनिकाव्यात खरा. येथे प्रश्न आत की बाहेर असा नसून, जोडलेला की एकजीव असा आहे. आशय आणि अभिव्यक्ती यांची फारकत करून मराठीत जो वाद वर्षानुवर्षे चालला, त्यात हे भान पुष्कळदा सुटले. तापलेल्या तांब्याशी कथील एकजीव होते. थंड भांड्यावर ते धरतच नाही. शैलीबद्दलही हेच म्हणता येईल.

जुन्या ग्रंथांच्या नव्या आवृत्त्यांचा प्रश्न याहून व्यावहारिक आहे आणि तो आपल्या अध्यापनाशी थेट निगडित आहे. संत एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे इ. स. १५८४ च्या सुमारास, ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली. अकबराच्या मुदपाकखान्यात कल्हई होत होती तोच हा काळ. नकलाकारांच्या हातून शिरलेले अपपाठ त्यांनी दूर केले आणि यापुढे कोणी आपली ओवी त्यात मिसळू नये, अशी ताकीदही परंपरेने त्यांच्या नावे जपली आहे. मळ काढा, पण भर घालू नका. कल्हईपूर्वीच्या घासण्याची ही शिस्त आहे.

आता आपल्या काळाकडे येऊ. मराठी साहित्य महामंडळाचे लेखनविषयक नियम १९६२ मध्ये शासनमान्य झाले आणि अनुच्चारित अनुस्वार गेले. हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीच्या नावातला ‘लक्षांत’ आता सर्रास ‘लक्षात’ असा छापला जातो. आगरकर, चिपळूणकर, लोकहितवादी यांचे लेखन आपले विद्यार्थी बहुधा नव्या लेखनातच वाचतात. याला विरोध करण्याचे कारण नाही. वाचक आणि ग्रंथ यांचा संपर्क जेथे होतो तेथला थर झिजला असेल, तर तो पुन्हा द्यावा. मात्र त्याची किंमत ठाऊक असावी. जुने लेखन नपुंसकलिंगी एकवचनी ‘तें’ आणि पुल्लिंगी अनेकवचनी ‘ते’ यांत भेद करीत असे. अनुस्वार गेला की एखाद्या लांब वाक्यात सर्वनाम कशाला लागते, हे शोधत बसावे लागते. संपादकाने प्रस्तावनेत ‘लेखन नव्या नियमांनुसार केले आहे’ एवढे एक वाक्य लिहिले, तर ती कल्हई. कारण भांडे पितळेचे आहे हे त्याने लपवलेले नाही. न सांगता अनुस्वारच नव्हे तर शब्दही बदलले, ‘कठीण’ वाक्ये सोपी केली, आजच्या वाचकाला खटकणारा मजकूर गाळला आणि मुखपृष्ठावर लेखकाचे नाव तेवढे ठेवले, तर तो मुलामा. आणि जुन्याच चुकीच्या संहितेला नवे मुखपृष्ठ, गुळगुळीत कागद आणि कोणा मान्यवराचे दोन पानी प्राक्कथन जोडले, तर ती रंगरंगोटी.

तिन्ही पुस्तके दुकानात सारखीच नवी दिसतात. म्हणून कोणतीही ‘नवी आवृत्ती’ अभ्यासक्रमाला लावण्यापूर्वी ती बाहेरून न पाहता आतून पाहावी. पहिल्या आवृत्तीशी निदान दोन-चार पाने ताडून पाहावीत आणि विद्यार्थ्यांकडूनही ताडून घ्यावीत. आणि पुढच्या वेळी एखाद्या लेखनाला ‘नुसती कल्हई’ म्हणण्याचा मोह झालाच, तर त्या भांड्यातले ताक कळकले आहे की नाही, एवढे आधी चाखून पाहावे.