पुसेगावच्या मुलखातील अक्षरविद्या

हिंगोली जिल्ह्यातील ज्या सेनगाव तालुक्यात पुसेगाव वसले आहे, त्याची शीव वऱ्हाडच्या शिवेला जाऊन भिडते. आणि या शिवेच्या दोन्ही बाजूंना तीच काळी जमीन, तीच ज्वारी-कापूस, तीच मराठी बोली आणि पिढ्यान्‌पिढ्यांची सोयरीक असतानाही, 1853 साली निजामाने कंपनी सरकारशी केलेल्या तहामुळे वऱ्हाड इंग्रजी अंमलाखाली गेले व हा मुलूख निजामाच्या दौलतीत राहिला, एवढ्या एका गोष्टीने दोन्हीकडच्या रयतेच्या नशिबी निरनिराळी शाळा आली. पलीकडे मराठी ही शाळेची आणि जिल्ह्याच्या कचेरीची भाषा झाली. अलीकडे 1884 पर्यंत फारसी आणि त्यानंतर उर्दू हीच दरबारची, अदालतीची व तहसिलीची भाषा राहिली. शिक्षणाने समाज घडतो, हे आपण नेहमी म्हणतो. परंतु तो कोणत्या कागदाच्या द्वारे घडतो आणि तो कागद गावात कोणाला वाचता येतो, हा प्रश्न जसा स्पष्टपणे या सरहद्दीवर उभा राहतो, तसा तो पुण्या-मुंबईच्या शिक्षणेतिहासात क्वचितच उभा राहतो.

अक्षरओळख नव्हती म्हणजे शिक्षण नव्हते, असे मात्र कोणी समजू नये. संत नामदेवांचे जन्मस्थान म्हणून परंपरेने मानलेले नरसी हे गाव याच परिसरात कयाधू नदीच्या काठी आहे, आणि ज्यांच्यापाशी नामदेवांना गुरूपदेश लाभला असे वारकरी संप्रदाय मानतो, त्या विसोबा खेचरांचे नाव औंढा नागनाथाच्या क्षेत्राशी निगडित आहे. शिंप्याच्या कुळात जन्मलेल्या नामदेवांची वाणी पंजाबपर्यंत गेली आणि त्यांची 61 पदे शिखांच्या ग्रंथसाहिबात सन्मानाने समाविष्ट झाली. अशा भूमीत कीर्तन हीच लोकांची पाठशाळा होती. हरिपाठ मुखोद्गत असलेला, ज्ञानेश्वरीतील ओव्यांचा अर्थ सप्ताहात बसून ऐकलेला, पुराणातील कथा नातवंडांना रसाळपणे सांगणारा कुणबी अज्ञानी होता असे म्हणण्याचे धाडस मला होत नाही. जात्यावर बसलेल्या स्त्रीची ओवी ही तर शब्दरचनेची विद्या होती, आणि ती आईकडून लेकीकडे कोणत्याही पाटीवाचून जात होती. पण ही सारी विद्या कानांची होती. मन घडवण्यास ती समर्थ होती. जमिनीचे गहाणखत वाचण्यास नव्हती.

डोळ्यांची विद्या देणारी शाळा म्हणजे पंतोजींची. देवळाच्या ओवरीत किंवा एखाद्या सधन घराच्या पडवीत ती भरे. मुलाने आपली धूळपाटी पुढे घ्यावी, तीवर वाळू अगर वीटकरीची बारीक पूड सारखी पसरावी, ‘ओनामासीधं’ असे म्हणत पंतोजींनी काढून दिलेल्या अक्षरावरून बोट फिरवावे, आणि अक्षर साधले की पाटी हलवून ते मोडून टाकावे व पुन्हा आरंभ करावा, असा तो परिपाठ असे. त्यानंतर उजळणी: पाढे, पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, औटकी. ही सारी संथा मुले एका सुरात मोठमोठ्याने म्हणत. बोट वळल्यावर बोरू हाती येई आणि मोडीचा कित्ता सुरू होई. पंतोजींना मोबदला मिळे तो बहुधा धान्याच्या रूपाने व सणावारी शिध्याच्या रूपाने. शिस्तीसाठी छडी तर होतीच, पण हात बांधून आढ्याला लोंबकळत ठेवण्यासारख्या क्रूर शिक्षाही त्या काळी सर्रास चालत. या शाळेची थोरवी गाणारे आजही भेटतात, व त्या तोंडी हिशेबाची चपळाई खरोखरच नवल करण्यासारखी होती. तथापि तिच्या दारी मुलगी नव्हती आणि महारवाड्यातील, मांगवाड्यातील मूल नव्हते, हे विसरून तिचे गुणगान करणे मला न्याय्य वाटत नाही. कुळकर्णी, देशपांडे, वाणी, सावकार यांच्या मुलांना ज्या कामापुरती विद्या लागे, तेवढी ती देत असे.

ती विद्या कोणत्या कामी येत असे, हे पाहायचे झाल्यास निजामी अमलातील एखाद्या सामान्य कुणब्याच्या जमिनीचे दप्तर डोळ्यांपुढे आणावे. गावपातळीचा हिशेब पटवारी लिहीत असे, तो मोडीत. एक अक्षर दुसऱ्यात गुंतलेले, हात न उचलता ओढलेले. तोच मजकूर तहसिलीत पोहोचला की तो फारसीत, पुढे उर्दूत, उजवीकडून डावीकडे चाले. त्यावरची तारीख फसली सनाची आणि महिने आजूर, दै, बहमन, इस्फंदार असे. ज्याने चैत्र-वैशाखाच्या मापाने पेरणी-कापणी केली, त्याला आपल्या कर्जाची मुदत कोणत्या महिन्यात भरते हेही दुसऱ्याला विचारावे लागे. रक्कम निजामाच्या हाली सिक्क्यात. आणि या सर्वांच्या तळाशी, कोणीतरी बोट धरून उमटवलेला अंगठा! मालकीचा आधार असलेला तो कागद मालकालाच दोन्ही लिपींत सारखाच मुका होता. पटवाऱ्याने ‘असे लिहिले आहे’ म्हणून सांगावे आणि रयतेने ‘जी’ म्हणून मान हलवावी, या एका व्यवहारातून गावातील सत्तेची सारी उतरंड उभी राहिली. पटवारी स्वभावाने दुष्ट होता म्हणून नव्हे. ज्या समाजात वाचणारा एक आणि वाचवून घेणारे शंभर असतात, तेथे सज्जन माणसाच्या हातीही बेसुमार अधिकार येतो.

सर सालारजंगांनी 1853 ते 1883 या आपल्या दिवाणगिरीच्या प्रदीर्घ कारकिर्दीत जिल्हाबंदी, म्हणजे मुलखाची जिल्ह्यांत विभागणी, केली, महसुलाची घडी बसवली आणि शिक्षणखात्याचाही पाया घातला. त्यांच्या कर्तबगारीविषयी दुमत होण्याचे कारण नाही. पुढे 1917 च्या फर्मानाने स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाने तर उच्च शिक्षण इंग्रजीऐवजी एका देशी भाषेतून देण्याचा संकल्प केला आणि त्यासाठी भाषांतराचे स्वतंत्र खाते उभारून गणित, विज्ञान, वैद्यक यांचे ग्रंथ उर्दूत आणवले. हे कार्य मोठे होते, आणि मराठीच्या अभिमान्यांनी ते मोठे म्हणण्यात संकोच बाळगू नये. परंतु ज्या संस्थानातील बहुसंख्य प्रजा तेलुगू, मराठी व कानडी बोलणारी, तेथे खालच्या इयत्ता ओलांडताच मुलाला घरातील भाषा दाराबाहेर ठेवावी लागणे, याची किंमत खेड्यांनी दिली. शहरातील वकिलाचा मुलगा उर्दू शिकून निघाला. खेड्यातील मुलाने पाटीच खाली ठेवली.

या कोंडीतून पहिली वाट काढणाऱ्यांत अग्रणी ठरलेले केशवराव कोरटकर हे आजच्या हिंगोली जिल्ह्यातील पुरजळचे. वकिलीत नाव मिळवून पुढे हैदराबादच्या हायकोर्टाचे न्यायमूर्ती झालेल्या या गृहस्थाने 1907 साली गुलबर्ग्यास नूतन विद्यालय उभारण्यात आणि हैदराबादेत विवेकवर्धिनीच्या जडणघडणीत पुढाकार घेतला. 1915 मध्ये औरंगाबादेस सरस्वती भुवन, 1917 मध्ये अंबाजोगाईस योगेश्वरी, 1921 मध्ये हिप्परग्यास राष्ट्रीय शाळा अशी एकामागून एक खाजगी विद्यालये निघाली. सरकारला त्यांचे भय वाटले. 1334 फसलीत, म्हणजे 1924-25 च्या सुमारास, खाजगी मदरशांसाठी पूर्वपरवानगीचा नियम आला आणि लहानसहान गावशाळा झपाट्याने बंद पडत गेल्या. ‘गश्ती निशान 53’ या परिपत्रकाने तर सभा-संमेलनांनाही परवान्याची बेडी घातली. हिप्परग्याच्या शाळेत मुख्याध्यापक म्हणून आलेले व्यंकटेश खेडगीकर पुढे स्वामी रामानंद तीर्थ झाले आणि संस्थानच्या मुक्तिलढ्याचे नेतृत्व एका शिक्षकाच्या हाती आले. 1938 मध्ये ‘वंदे मातरम्’ म्हटल्यापायी उस्मानिया विद्यापीठाने विद्यार्थ्यांना काढून टाकले, तेव्हा नागपूर विद्यापीठाने त्यांना सामावून घेतले. ज्या शासनाने शाळेला राजकारणापासून दूर ठेवण्याचा अट्टहास केला, त्याच्याच आज्ञांनी शाळेला राजकारणाचे माहेरघर बनवले.

सप्टेंबर 1948 मध्ये संस्थान भारतात विलीन झाले. 1950 च्या हैदराबाद कूळ कायद्याने संरक्षित कुळांच्या याद्या झाल्या. कायद्याने दिलेला हक्क पदरात पडण्यासाठी आपले नाव त्या यादीत आहे की नाही हे पाहता येणे, नोटिशीची मुदत समजणे, अर्ज करणे हे आवश्यक होते. पुसेगावसारख्या गावातील माणसाच्या दृष्टीने शाळेचे महत्त्व येथे, जमिनीच्या तुकड्यापाशी, सिद्ध झाले. त्याच वर्षी नांदेडास पीपल्स कॉलेज निघाले आणि औरंगाबादेस डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीचे महाविद्यालय सुरू झाले, जे पुढे मिलिंद या नावाने ओळखले गेले. पंतोजींच्या ओवरीत ज्यांना पाऊल ठेवता आले नव्हते, त्यांची मुले तेथे वसतिगृहात राहून शिकली, आणि मराठवाड्यातील शिक्षणाच्या इतिहासात याहून मोठी घटना मला दिसत नाही. वसमतजवळच्या कुरुंद्याचे नरहर कुरुंदकर पीपल्स कॉलेजचे प्राचार्य झाले व त्यांच्या व्याख्यानांनी खेड्यापाड्यांतल्या श्रोत्यांना इतिहासाची तर्कशुद्ध चिकित्सा करण्याची सवय लावली. 23 ऑगस्ट 1958 रोजी मराठवाडा विद्यापीठाचे उद्घाटन झाले. 1962 नंतर जिल्हा परिषदेच्या शाळा वाडीवस्तीपर्यंत पोहोचल्या आणि मुलीही, उशिरा का होईना, बाकावर येऊन बसल्या.

या नव्या पिढीने 1974 साली मराठवाडा विकास आंदोलन उभारले. वसमतला विद्यार्थ्यांवर गोळीबार झाला. ज्यांच्या आजोबांनी न वाचता अंगठे उमटवले, ते आता शासनाकडे रेल्वे, सिंचन आणि नोकऱ्यांचा लेखी जाब मागत होते. मात्र चारच वर्षांनी, 27 जुलै 1978 रोजी मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा ठराव विधिमंडळाने संमत करताच, याच मराठवाड्यात दलितांच्या वस्त्या जाळण्यात आल्या, आणि ठरावाच्या विरोधात महाविद्यालयांतील शिकलेली तरुण मुले पुढे होती. मला हा आपल्या शिक्षणाचा सर्वांत दुःखद अध्याय वाटतो. त्या मुलांना कागद वाचता येत होता. गावच्या वेशीबाहेर राहणाऱ्या माणसाचे मन वाचायला त्यांना कोणत्याही इयत्तेत शिकवले गेले नव्हते, आणि नामदेवांच्या कीर्तनात एका पंगतीला बसलेल्या समाजाची ती जुनी कानांची विद्याही एव्हाना त्यांच्या कानांवरून गेली होती. नामविस्तारास 14 जानेवारी 1994 उजाडावी लागली. त्याच वर्षीच्या 17 सप्टेंबरला नांदेडचे विद्यापीठ स्थापन झाले, त्याला हिप्परग्याच्या त्या मुख्याध्यापकाचे, स्वामी रामानंद तीर्थांचे, नाव मिळाले, आणि 1 मे 1999 रोजी परभणीतून वेगळ्या झालेल्या हिंगोली जिल्ह्यातील मुले आज त्याच विद्यापीठाची पदवी घेतात.