दीर्घायुष्याचे गणित आणि मरणाची व्यवस्था

आयुष्य, काळ आणि मृत्यू यांवरचे जुने साहित्य वाचताना दोन प्रकारचे ग्रंथ हाती येतात. एकात आयुष्य किती असते याचे हिशेब असतात, दुसऱ्यात ते संपताना काय करायचे याचे नियम. दोन्ही एकाच ठिकाणी छापले गेल्याचे उदाहरण म्हणजे सोलापूरची जीवराज जैन ग्रंथमाला. ब्रह्मचारी जीवराज गौतमचंद दोशी यांनी १९४१ मध्ये तीस हजार रुपये देऊन जैन संस्कृति संरक्षक संघ स्थापला. १९४४ मध्ये उरलेली सुमारे दोन लाखांची मिळकतही त्यांनी संघाच्या ट्रस्टला देऊन टाकली. ग्रंथमालेचे पहिले पुष्प होते यतिवृषभाचार्यांची प्राकृत ‘तिलोयपण्णत्ती’. तिचा पहिला भाग १९४३ मध्ये आ. ने. उपाध्ये आणि हिरालाल जैन यांच्या संपादनाने निघाला.

या ग्रंथातले कालमापन दोन्ही टोकांना ताणलेले आहे. सर्वांत लहान एकक ‘समय’, ज्याचे आणखी तुकडे पडत नाहीत. तिथून वर सात उच्छ्वासांचा एक स्तोक, सात स्तोकांचा एक लव, साडेअडतीस लवांची एक नाळी, दोन नाळींचा एक मुहूर्त. गुणाकार केला की मुहूर्ताला ३,७७३ उच्छ्वास येतात. मुहूर्त ४८ मिनिटांचा, म्हणजे मिनिटाला सुमारे ७९. एवढे श्वास धापा टाकणाराही घेत नाही. निरोगी माणसाच्या नाडीचे ठोके मात्र साधारण एवढेच पडतात. मोजणाऱ्याचे बोट नाडीवर होते, असा तर्क करायला हरकत नसावी.

वरच्या टोकाला ८४ लाख वर्षांचे एक पूर्वांग आणि ८४ लाख पूर्वांगांचे एक पूर्व, म्हणजे ७०,५६,००० कोटी वर्षे. पहिले तीर्थंकर ऋषभदेव यांचे आयुष्य अशा ८४ लाख पूर्वांचे. तिथून उतरंड सुरू होते: नेमिनाथ १,००० वर्षे, पार्श्वनाथ १००, महावीर ७२. आपण ज्या दुःषमा काळात आहोत तो २१,००० वर्षांचा असून त्याच्या आरंभी माणसाचे कमाल आयुष्य १२० वर्षे, पुढे घटत जाणारे.

हे आकडे इतिहास म्हणून वाचले तर हाती काही लागत नाही. त्यांची मांडणी मात्र पाहण्यासारखी आहे. शास्त्रकार उत्कृष्ट आणि जघन्य, म्हणजे जास्तीत जास्त आणि कमीत कमी, अशी दोन टोके सांगतात. सरासरी सांगत नाहीत. आपली सवय नेमकी उलटी. तिलोयपण्णत्तीचा पहिला भाग छापला गेला त्या दशकात भारतीयाचे सरासरी आयुर्मान सुमारे ३२ वर्षे होते. पण त्या सरासरीत तान्ह्या मुलांचे मृत्यू मिसळलेले होते. सगळेच बत्तिसाव्या वर्षी जात होते असे नव्हे. सरासरी समाजाविषयी बोलते. ‘मला किती वर्षे?’ या प्रश्नाला ती उत्तर देत नाही, आणि टोकेही देत नाहीत.

त्या प्रश्नाजवळ जाणारा विचार जैन कर्मशास्त्रात आहे. पुढच्या जन्माचे आयुष्य या जन्माचा शेवटचा तिसरा हिस्सा उरला की बांधले जाऊ शकते. नाहीतर त्या उरलेल्याच्या तिसऱ्या हिश्श्यात, असे आठ वेळा. ८१ वर्षांच्या आयुष्यात या संधी ५४, ७२, ७८, ८० अशा येतील. एकूण आयुष्य आधी कुणाला ठाऊक नसते, त्यामुळे आपला तिसरा हिस्सा सुरू झाला का, हे कळायचा मार्ग नाही. पुनर्जन्म न मानणाऱ्यालाही या रचनेतली चतुराई नाकारता येणार नाही.

आता दुसरा प्रकार. १९७८ मध्ये याच ग्रंथमालेतून कैलाशचंद्र शास्त्रींनी संपादलेली शिवार्यांची ‘भगवती आराधना’ निघाली. तिचा विषय सल्लेखना, म्हणजे आहार हळूहळू सोडत मरणाला सामोरे जाण्याचे व्रत, आणि इथे आकडे एकदम माणसाच्या मापाचे होतात. तयारीची कमाल मुदत बारा वर्षे. सल्लेखनेच्या अटी आचार्य समंतभद्रांनी सांगितल्या आहेत: उपाय नसलेले संकट, दुष्काळ, म्हातारपण, असाध्य रोग. तत्त्वार्थसूत्रातल्या सल्लेखनेच्या पाच दोषांत पहिला जगण्याची इच्छा आणि दुसरा मरण्याची. राजस्थान उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१५ मध्ये या व्रताला आत्महत्येच्या पंक्तीत बसवले आणि त्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने त्या निकालाला स्थगिती दिली. त्या वादात हा दुसरा दोष मध्यभागी असायला हवा होता, असे मला वाटते. अर्थात मनातली इच्छा न्यायालयाने कशी तपासायची, ही अडचण त्याने सुटत नाही.

भूम तालुक्यातल्या कुंथलगिरीवर दिगंबर जैन मुनी आचार्य शांतिसागरांनी सप्टेंबर १९५५ मध्ये सल्लेखनेने देह ठेवला. पुढे १६ जानेवारी १९५७ रोजी जीवराजजी गेले, तेही समाधिमरणाने, असे संघाच्या प्रकाशनांत नमूद आहे.

दोन्ही ग्रंथ शेजारी ठेवले की एक फरक उघड होतो. लांबचा काळ गणिताने हाताळला आहे, जवळचा काळ माणसे नेमून. मरणाऱ्या साधूभोवती शिवार्य ४८ निर्यापक, म्हणजे त्याची सेवा करणारे साधू, सांगतात आणि चौघाचौघांना कामे वाटून देतात: उठवणे-बसवणे, धर्मकथा सांगणे, आहार आणणे, मलमूत्र साफ करणे, दार राखणे. कठीण काळात ही संख्या घटवत आणता येते, पण दोनच्या खाली नाही. कारणही दिले आहे. एकटा निर्यापक भिक्षेला गेला तर मरणाऱ्याला सोडतो, न गेला तर स्वतःला; आणि दोन्हीकडून धर्माला बट्टा लागतो.