जात्यांची फरशी

इंग्लंडच्या राजाने इ. स. १०८६ मध्ये करविलेल्या ‘डूम्सडे बुक’ या जमीनपाहणीत सुमारे ६,००० गिरण्यांची नोंद आहे. त्या बहुतेक पाण्यावर चालत. गिरणी जमीनदाराची असे. कुळाने आपले धान्य तेथेच दळावे व दळणावळ म्हणून त्यातील ठरावीक वाटा द्यावा, असा दंडक होता. साहजिकच घरी जाते फिरविणे हा अपराध ठरे.

सेंट आल्बन्सचा बेनेडिक्टाइन मठ हा असाच एक जमीनदार. त्याचे मठाधिपती रिचर्ड ऑफ वॉलिंगफर्ड हे लोहाराचे पुत्र, थोर गणिती व खगोलज्ञ. १३३१ च्या सुमारास त्यांनी नगरवासीयांची जाती जप्त करून मठात फरशी म्हणून बसविली. १३८१ च्या शेतकरी उठावात लोकांनी ती फरशी उखडली आणि रविवारी चर्चमध्ये आशीर्वादित भाकर वाटावी, तसे त्या दगडांचे तुकडे आपसांत वाटून घेतले.

उठाव चिरडला गेला. हकिकत मात्र उरली. ती लिहून ठेवणारे थॉमस वॉल्सिंगहॅम त्याच मठाचे संन्यासी होते. ‘अनुवाद’ ग्रंथातील मोशेच्या नियमशास्त्राने जाते गहाण ठेवून घेण्यास मनाई केली आहे, कारण त्यावर घराचे पोट अवलंबून असते. तो ग्रंथ त्या मठाच्याही पवित्र शास्त्रात होता.