पुकारा आणि गैरहजेरी

पट्टेवाल्यानें दारांतून नांव पुकारावें, बाहेरून ओ येऊं नये, आणि आंत ‘वादी गैरहजर, सबब दावा काढून टाकला’ एवढ्या एका ओळींत अनेक वर्षांच्या आशेचा शेवट व्हावा, हा प्रकार कचेरीची पायरी चढलेल्या गृहस्थांस अपरिचित नाहीं. ही कडक शिस्त इंग्रजी अमलाबरोबर आली, असा समज आहे. तो आम्हांस मान्य नाहीं. वादांतून पळ काढणारास याज्ञवल्क्यस्मृतींत हीन व दंडास पात्र ठरविलें आहे. नारदस्मृतींत हीन पक्षकाराचे जे पांच प्रकार सांगितले आहेत, त्यांतही हजर न होणारा व बोलावणें येतांच पळणारा हे दोन आहेतच. रोमन लोकांच्या बारा कोष्टकांत (इ. स. पूर्वीं सुमारें 450) तर दोन प्रहर टळले कीं हजर असलेल्याच्या बाजूनें निवाडा करावा, असें स्पष्ट आहे. निदान सूर्य डोक्यावर येईपर्यंत वाट पाहण्याचें औदार्य तेथें होतें!

दिवाणी कामें चालविण्याच्या रीतीचा पहिला कायदा 1859 चा. सध्यां चालू आहे तो 1908 चा. त्याच्या नवव्या ऑर्डरींतील योजना पाहण्यासारखी आहे. वादी व प्रतिवादी दोघेही न आले, तर दावा काढून टाकतां येतो. पण मुदत शिल्लक असल्यास वादीस नवा दावा आणतां येतो. प्रतिवादी येऊन मागणें नाकबूल करील आणि वादीच येणार नाहीं, तर मात्र त्याच कारणावर पुन्हा दावा आणण्याची वाट बंद होते. वरवर हें विचित्र दिसतें. परंतु ज्यास कोर्टांत ओढलें तो कामधंदा सोडून आला आणि ओढणारा घरीं बसला, यांतील अन्याय कायद्यानें ओळखला आहे, असें आम्हांस वाटतें. न येण्यास पुरेसें कारण होतें हें दाखवून तोच दावा पुन्हा फाईलवर घेण्याविषयीं अर्ज करावा, हें दार वादीस उरतें. 1963 च्या मुदतीच्या कायद्याप्रमाणें त्यास तीस दिवस आहेत.

खरी अडचण वकिलाची. खेड्यांतला माणूस फी भरतो, वकीलपत्रावर आंगठा उठवतो आणि निर्धास्तपणें घरीं जातो. पुढें वकीलच आला नाहीं तर? रफीक विरुद्ध मुन्शीलाल या प्रकरणांत अलाहाबादच्या हायकोर्टांत अपील असेंच निघून गेलें होतें. 1981 सालीं सर्वोच्च न्यायालयानें तें पुन्हा घ्यावयास लावलें. आपल्याकडून करावयाचें तें सर्व केलेल्या पक्षकारास वकिलाच्या कसुरीची सजा नको, असें ठरवून खर्चही त्या गैरहजर वकिलावर टाकला. ही सवलत सरसकट मात्र नव्हे. 1993 सालीं सलील दत्त यांच्या खटल्यांत कलकत्त्याच्या एका कंपनीनें तीच सबब पुढें केली, तेव्हां कंपनी म्हणजे अडाणी खेडूत नव्हे, असें न्यायालयानें सुनावलें. तें योग्यच झालें.

फौजदारी अपिलाची गोष्ट निराळी. दाखल करून घेतलेलें अपील केवळ गैरहजेरीवर काढून टाकतां येत नाहीं, कागदपत्र पाहून गुणदोषांवरच निकाल दिला पाहिजे, असें 1996 च्या बनी सिंग खटल्यांत ठरलें. आणि अपील करणारा तुरुंगांत असून त्याचा वकील आला नसेल, तर पुढची तारीख देणें बरें, असेंही त्यांत म्हटलें आहे. कारण पुकारा झाला तरी त्याला आपल्या पायांनीं येतां येत नाहीं.