व्हरमाँटचा पंतोजी

बेसबॉलचा खेळ आपल्याकडे रुजला नाहीं. क्रिकेटच्या गोलंदाजासारखा तेथें चेंडू टाकणारा एक गडी असतो, त्याला पिचर म्हणतात, आणि सामन्याचें बरेंचसें भवितव्य त्याच्या मनगटावर अवलंबून असतें, एवढें ध्यानांत ठेवलें म्हणजे आजच्या हकीकतीपुरतें भागेल. ही हकीकत अशाच एका पिचरची आहे. कॉलेजांतील मुलांना खेळ शिकवावयास जातों असें तो म्हणाला, एवढ्या अपराधावरून त्याच्या धंद्यानें त्याला वाळींत टाकलें. आणि तो बहिष्कार तब्बल एकोणसाठ वर्षें उठला नाहीं.

रे फिशर हा अमेरिकेच्या ईशान्येकडील व्हरमाँट संस्थानांतला. जन्म १८८७ चा. मिडलबरी या आपल्या गांवच्याच कॉलेजांत तो शिकला आणि १९१० पासून न्यूयॉर्कच्या संघांत पिचर म्हणून खेळूं लागला. याच संघाला पुढें 'यांकी' हें नांव पडलें. हंगाम नसे त्या दिवसांत तो शाळेंत लॅटिन शिकवी. त्यामुळें त्याला 'व्हरमाँटचा पंतोजी' असें नांव मिळालें. हें नांव पुढें किती खरें ठरणार आहे, याची त्या वेळीं कोणाला कल्पना नसावी.

पहिल्या महायुद्धांत लष्करी नोकरी करून परतल्यावर तो सिनसिनाटीच्या 'रेड्स' संघांत आला. १९१९ सालीं राष्ट्रीय अजिंक्यपदासाठीं या संघाची गांठ शिकागोच्या 'व्हाइट सॉक्स' संघाशीं पडली. शिकागोच्या कांहीं खेळाडूंनीं जुगाऱ्यांशीं संगनमत करून ही मालिका हरण्याचा घाट घातला होता, हें मागाहून उघडकीस आलें. तिसऱ्या सामन्यांत सिनसिनाटीचा पिचर फिशर होता; आणि गंमत अशी, कीं नेमका हाच सामना शिकागोनें जिंकला! त्यांचा डिकी कर नांवाचा ठेंगणा पिचर कटांत नव्हता. त्यानें सिनसिनाटीला एकहि धाव करूं दिली नाहीं. फिशरच्या हातून एक चेंडू भलतीकडे फेकला गेला, आणि मग कटाचा म्होरक्या चिक गँडिल यानेंच फटका मारून दोन धावा मिळवून दिल्या. हरण्यास राजी झालेल्या माणसाकडून हरण्याचा असा प्रसंग क्वचितच कोणावर आला असेल.

या प्रकरणानें खेळाची अब्रू गेली. ती सांवरण्यासाठीं मालकांनीं केनेसॉ माउंटन लँडिस या न्यायाधीशास कमिशनर नेमून त्याच्या हातीं अनियंत्रित सत्ता दिली.

इकडे सिनसिनाटीच्या मालकांनीं १९२१ सालाकरितां फिशरच्या पगारांतून एक हजार डॉलर कापले. फिशर तेहतीस वर्षांचा, संसारी माणूस. पिचरचा हात केव्हां निकामी होईल याचा नेम नसतो. इतक्यांत मिशिगन विद्यापीठाला बेसबॉलचा शिक्षक पाहिजे आहे, असें त्याच्या कानीं आलें. संघाचा व्यवस्थापक पॅट मोरन याची परवानगी घेऊन तो भेटीस गेला आणि जागा मिळतांच त्यानें ती पत्करली. पण संघाचा अध्यक्ष गॅरी हर्मन त्याला सोडण्यास राजी नव्हता. करारांत दहा दिवसांची नोटीस लिहिली होती. फिशरनें सातच दिवसांची दिली, असा आक्षेप निघाला. प्रकरण लँडिसपुढें गेलें आणि त्यानें फिशरला कायमचें अपात्र ठरविलें. त्याच उन्हाळ्यांत शिकागोच्या आठ खेळाडूंनाहि त्यानें हीच शिक्षा दिली. सामने विकणारे आणि तीन दिवस आधीं नोकरी सोडणारा, दोघांचें पाप त्याच्या तराजूंत सारख्याच वजनाचें भरलें!

इतकी कठोरता कां? त्या काळच्या करारांत एक विलक्षण कलम असे. करार एका वर्षाचा. पण वर्ष संपलें तरी खेळाडूवरचा हक्क मालकाकडेच राही. मालकानें मनांत आणलें तर खेळाडूला काढावें, विकावें. खेळाडूनें मात्र आपल्या मर्जीनें दुसरा संघ धरूं नये. हें कलम १९७५ च्या अखेरीस एका लवादाच्या निर्णयानें ढासळलें. तोंवर तोच या धंद्याचा पाया होता आणि त्याला हात लावणाऱ्याची गय होत नसे. लँडिस न्यायाधीश होता खरा, परंतु या निकालांत मला न्यायापेक्षां दरारा अधिक दिसतो.

फिशर मिशिगनमध्यें राहिला, तो १९५८ पर्यंत. अडतीस हंगाम! मध्य-पश्चिमेकडील विद्यापीठांच्या 'बिग टेन' या संघटनेचें अजिंक्यपद त्याच्या संघांनीं पंधरा वेळां मिळविलें. सहाशेंहून अधिक सामने जिंकले. १९२९ आणि १९३२ सालीं तो आपल्या मुलांना घेऊन जपानला जाऊन आला. १९५३ त ओमाहा येथें अंतिम सामन्यांत टेक्ससला ७-५ असें हरवून त्याच्या संघानें सर्व कॉलेजांचें अजिंक्यपद पटकाविलें. त्या वेळीं तो पासष्ट वर्षांचा होता.

पण शिक्षकाची पारख आंकड्यांवरून करूं नये. उन्हाळ्यांत फिशर व्हरमाँटला जाई आणि तेथील हौशी संघाला शिकवी. १९४६ व १९४७ च्या उन्हाळ्यांत माँटपीलियर येथें त्याच्या हाताखालीं रॉबिन रॉबर्ट्स नांवाचा एक तरुण आला. हा मुलगा मिशिगन स्टेटचा, म्हणजे फिशरच्या कट्ट्या प्रतिस्पर्ध्यांचा विद्यार्थी. फिशरनें हातचें कांहीं न राखतां त्याला आपली विद्या दिली. रॉबर्ट्सनें पुढें व्यावसायिक खेळांत २८६ सामने जिंकले, आणि १९७६ सालीं बेसबॉलच्या कीर्तिमंदिरांत त्याची स्थापना झाली. फिशरचें ऋण तो उघडपणें सांगे. मिशिगनमध्यें फिशरच्या जागीं आलेला डॉन लंड हाहि त्याचाच शिष्य. त्यानें १९६२ सालीं तेंच अजिंक्यपद पुन्हां आणलें.

निवृत्तीनंतर मिलवॉकी आणि डेट्रॉइट येथील व्यावसायिक संघांनीं वसंत ऋतूंतील सरावासाठीं या म्हाताऱ्यास पिचरांचा शिक्षक म्हणून बोलाविलें. ज्या दाराशीं त्याला मज्जाव होता, त्याच दारांतून तो आंत गेला, आणि कोणी हटकलें नाहीं. बंदी कागदावर तशीच होती. ती घालणारा लँडिस १९४४ सालींच वारला होता.

अखेर मिशिगनच्याच एका प्राध्यापकानें जुनीं कागदपत्रें धुंडाळलीं. अध्यक्षपदावरून उतरलेले जेरल्ड फोर्ड यांनींहि शब्द टाकला. विद्यार्थी असतांना फोर्ड फुटबॉलच्या नवशिक्या संघांत फिशरच्या हाताखालीं होते. १९८० सालीं कमिशनर बोवी कून यांनीं फिशर हा सन्मानानें निवृत्त झालेला खेळाडू आहे, असें मान्य केलें. फिशर त्या वेळीं नव्वदी ओलांडून गेला होता.

१९८२ च्या उन्हाळ्यांत न्यूयॉर्कच्या यांकी स्टेडियममध्यें जुन्या खेळाडूंचा मेळावा भरला, त्याला चौऱ्याण्णव वर्षांचा फिशर हजर होता. त्याच वर्षीं ३ नोव्हेंबरला तो वारला. मिशिगन विद्यापीठाच्या बेसबॉल मैदानाला त्याचें नांव आहे.