आचार्य फ्रँक्लिन फ्रेझर
वर्णद्वेष हा दुर्गुण होय, असें म्हणणारे अमेरिकेंत पुष्कळ निघाले. तो वेडाचाच एक प्रकार होय, असें तेथील दक्षिणेकडील संस्थानांत राहून लिहिणारा विरळा. एडवर्ड फ्रँक्लिन फ्रेझर या कृष्णवर्णी आचार्यांनीं तें १९२७ सालीं प्रसिद्ध केलें.

बाल्टिमोर येथें १८९४ सालीं जन्मलेले फ्रेझर डेन्मार्कमधील सहकारी चळवळीचा अभ्यास करून १९२२ सालीं अ‍ॅटलांटास आले. गोऱ्यांच्या विद्यालयांत कृष्णवर्णीयांस मज्जाव, म्हणून दोन वर्षांपूर्वीं निघालेलें समाजकार्याचें विद्यालय त्यांच्या हातीं आलें. दीनदुबळ्यांच्या दारीं जाणाऱ्यास नुसती भूतदया पुरत नाहीं, शास्त्रशुद्ध शिक्षण हवें, हा त्यांचा आग्रह.

चालकांशीं त्यांचें आधींच बिनसलें होतें. त्यांतच ‘फोरम’ मासिकांत तो लेख आला. एरवीं सज्जन असलेला गोरा गृहस्थ काळ्या माणसाचा प्रश्न निघतांच भ्रमिष्टासारखा वागतो, हें त्यांनीं मानसशास्त्राच्या परिभाषेंत मांडलें होतें. वृत्तपत्रें खवळलीं, धमक्या आल्या. घाव वर्मीं बसला असावा! फ्रेझर यांस शहर सोडावें लागलें.

पुढें शिकागोची डॉक्टरेट, हॉवर्ड विद्यापीठांत अध्यापन, आणि १९४८ सालीं अमेरिकन समाजशास्त्र परिषदेचें अध्यक्षपद. हा मान मिळालेले ते पहिले कृष्णवर्णी. १९६२ सालीं ते वारले. अ‍ॅटलांटाचें विद्यालय फॉरेस्टर वॉशिंग्टन यांनीं १९५४ पर्यंत चालविलें.