खुंट आणि कलम : कोकणातील फळझाडांच्या उंचीचा इतिहास

कलमी झाडात खुंट, म्हणजे मुळे धरणारे खालचे रोप, आणि त्यावर बसवलेली, फळाची जात ठरवणारी कलमकाडी असे दोन भाग असतात. झाड किती उंच होणार हे बरेचसे खुंट ठरवतो, कारण ठेंगण्या खुंटाची मुळे पाणी आणि वाढीची संप्रेरके वर बेतानेच पोचवतात. इंग्लंडमधील ईस्ट मॉलिंगच्या केंद्रात १९१२ पासून सफरचंदाच्या अशा खुंटांची छाननी होऊन त्यांना क्रमांक मिळाले. त्यांतील ‘एम ९’वरच्या झाडाची फळे जमिनीवर उभे राहून तोडता येतात, मात्र त्याला जन्मभर आधाराची काठी लागते.

 कोकणात डहाणूच्या किनाऱ्यावरील घोलवडला १८९८ मध्ये चिकू आला आणि त्याला खुंट लाभला तो खिरणीचा, म्हणजे रायणीचा. खिरणीचे रोप कलम बांधण्याजोगे जाड होण्यास दोनेक वर्षे घेते. तरीही बागायतदारांनी ते पत्करले, कारण चिकूच्याच बियांवरील कलमापेक्षा खिरणीवरचे झाड जोमाने वाढते आणि जास्त फळते. म्हणजे येथे खुंटाकडून मागितला गेला तो जोम. उंची आवरण्याची गरज तेव्हा कोणाला भासली नव्हती.

हापूसच्या बाबतीत ती भासली, पण उशिरा. पूर्वी भेटकलमासाठी कुंडीतले रायवळ रोप मातृवृक्षापाशी नेऊन, दोघांची साल तासून बांधत. १९७२ मध्ये दापोलीला कृषी विद्यापीठ स्थापन झाल्यानंतर कोय कलमाचा प्रसार झाला. त्यात तांबूस पानांचे कोवळे रोप छाटून, देठाला मधोमध चीर देऊन, पाचरीसारखी तासलेली काडी तीत बसवतात व प्लॅस्टिकची पट्टी गुंडाळतात. कलमे झपाट्याने होऊ लागली, खुंट मात्र मिळेल त्या रायवळ कोयीचाच राहिला. रायवळीची प्रत्येक कोय परपरागातून झालेली, म्हणून प्रत्येक खुंटाचा स्वभाव निराळा. एकसारखे खुंट हवे असतील तर एका कोयीतून मातृवृक्षाशी समान अशी अनेक रोपे देणारी, म्हणजे बहुभ्रूणी, जात लागते. दक्षिणेकडील ‘वेल्लैकोलंबन’ ही तशी जात असून तिच्यावर हापूस ठेंगणा राहतो असे प्रयोगांत आढळले, पण कोकणच्या बागांत ती रुळली नाही.

परिणामी दहा-दहा मीटरवर लावलेल्या उंच झाडांचे आंबे झेल्याने, म्हणजे लांब काठीला बांधलेल्या जाळीने, उतरवावे लागतात. वाढ रोखण्यासाठी छाटणी होते, तसेच जिबरेलिन या वाढीच्या संप्रेरकाची निर्मिती दडपणारे ‘कल्टार’ पावसाळ्यात बुंध्याभोवतीच्या मातीत देतात. आणि हापूसची कलमे आजही बहुतांशी रायवळ कोयींवरच बांधली जातात.